अर्ध्या दिवसात तीन बेटं? मग पाहिलं काय?

चौरासकर वहिनी
परवा 'डोंगा' यांनी इथे व्हेनिसच्या बेटांवर लिहिलं. ज्यांच्या नजरेतून सुटलं त्यांच्यासाठी थोडक्यात : सकाळी ९ला फोंदामेंते नोव्हेच्या धक्क्यावरून १२ नंबरची बोट धरायची, मुरानो, बुरानो, तोर्चेल्लो करायचं, दुपारी २ला परत. साडेनऊ युरोचं तिकीट, गाइडला छदाम नाही. आणि शेवटी टोमणा, की टूरवाल्यांच्या झेंड्यामागे जातात ती मेंढरं, त्यांनी बेटं पाहिलीच नाहीत.

त्यातलं एक मेंढरू मी. सासू-सासऱ्यांना घेऊन टूरनेच गेले होते. सासऱ्यांचं आयुष्य पवनी-लाखांदूरच्या धानात गेलं. हिंदी येते, तीही रेल्वेपुरती. हलत्या धक्क्यावर त्यांना इटालियन पाट्या वाचायला लावायच्या होत्या का? झेंडा होता म्हणून ते निवांत होते. दुपारी वरण-भातही मिळाला. यात लाजायचं काय ते मला कळलं नाही.

टूर फार चांगली होती असं मी म्हणत नाही. मुरानोला उतरवलं ते थेट काचेच्या भट्टीत. कारागिराने लोखंडी सळीच्या टोकावर लाल गोळा घेतला, चिमट्याने चारदा ओढलं की चार पाय, एक हिसडा दिला की मान, झाला घोडा. सासूबाई पदराने वारा घेत बघत होत्या. टाळ्या संपायच्या आत बाजूचं दार उघडलं आणि सगळे दुकानात. तिथे एवढा वेळ गेला की बुरानोला रंगीत घरांसमोर फोटो काढायचेच काय ते जमलं. तोर्चेल्लो तर कार्यक्रमातच नव्हतं.

पुढे लेक व्हेनिसजवळच्या पादोव्हाला शिकायला गेली, तेव्हा आम्ही मायलेकी आपल्या आपण गेलो. म्हणून दोन्हीकडचं सांगते. साडेनऊ युरोचं तिकीट ७५ मिनिटं चालते. मुरानोला उतरून भट्टी बघून परत बोटीशी आलात की ते संपलं. तीनही बेटं करायची तर २५ युरोचा दिवसाचा पासच परवडतो. आता वेळ. नोव्हेहून मुरानो दहा मिनिटं, तिथून बुरानो अर्ध्या तासाच्या वर, बुरानोहून तोर्चेल्लो पाच, आणि बुरानोहून परत नोव्हे पाऊण तास. वर दर वेळी बोटीची वाट बघणं आलंच. पाच तासांतले निम्मे असेच गेले. उरले त्यात तीन बेटं म्हणजे उतरलो, फिरलो, चढलो.

एक गाळायचंच असेल तर मुरानो गाळा. काच व्हेनिसच्या गल्लोगल्ली दिसते (त्यातली कितीतरी चीनहून आलेली). तोर्चेल्लो मात्र गाळू नका. धक्क्यापासून कालव्याच्या कडेने दहा मिनिटं चालायचं, वाटेत बिनकठड्याचा 'सैतानाचा पूल', आणि पुढे ६३९ साली स्थापन झालेलं सांता मारिया अस्सुंता चर्च. आत पश्चिमेच्या भिंतभर शेवटच्या न्यायाचं (जगाच्या अंती मेलेले उठतात आणि देव निवाडा करतो ते) मोझेइक, म्हणजे रंगीत तुकडे जडवून केलेलं चित्र आहे. त्यात जनावरं आणि मासे गिळलेली माणसं परत ओकतात : कुणाच्या तोंडातून हात, कुणाच्या तोंडातून डोकं. खाली कवट्या, त्यांच्या डोळ्यांच्या खाचांतून साप निघालेले. मान वर करून लेक किती वेळ उभी होती. हे घाईघाईत उरकणाऱ्याने दुसऱ्यांना मेंढरं म्हणू नये.

डोंगा
वहिनी, मी मेंढरं म्हटलं नाही, कळप म्हटलं होतं. 😀

साडेनऊ हे एका खेपेचं लिहिलं, पास माझ्याकडेही होता. आणि तुम्हीच सांगता की टूरने मुरानोच्या दुकानात कोंडलं. माझा मुद्दा तोच तर आहे! हॉटेलवाले 'मुरानोला फुकट बोट' देतात तीही अशीच दुकानाच्या दारात नेऊन सोडते. स्वतः गेलं की घोडा बघायचा आणि चालू पडायचं. शिवाय गाइडवाल्या अर्ध्या दिवसाच्या सहलीही तीन-तीन बेटं करतात. मग त्यांना का नाही बोललात? माझ्यावरच काहून?

निवृत्त गुरुजी
दोघांच्याही लिहिण्यात मुरानोवर अन्याय झाला आहे. १२९१ साली व्हेनिसच्या प्रजासत्ताकाने भट्ट्या शहरातून मुरानोला हलवल्या, कारण लाकडी शहरात आगीची धास्ती. कारागिरांना मान मोठा, पण विद्या घेऊन देश सोडायची बंदी. हे ठाऊक नसेल तर काच म्हणजे नुसता बाजार वाटणारच. तिथल्या सांता मारिया ए सान दोनातो चर्चची फरशी ११४० सालची आहे, तीही मोझेइकच. किती जण आत गेलात?

आणि नोव्हेहून निघाल्याबरोबर विटांच्या भिंतीआड सायप्रसची झाडं दिसतात, ते सान मिकेले, पूर्ण बेटच दफनभूमी. संगीतकार स्त्राविन्स्की तिथे आहे. ४.१ आणि ४.२ नंबरच्या बोटी तिथे थांबतात, उतरत कोणी नाही, कारण आजची पिढी फोनच्या पडद्यातून प्रवास करते. आमच्या वेळी सहलीआधी नकाशा हाताने काढायला लावत असू.

तुमसरचा मँगनीज
गुरुजी, फोनवर नंतर या.

मला वेगळंच बोलायचं आहे. साडेपाचशे चौरस किलोमीटरचं ते उथळ पाणी. त्यात लाकडी खांब रोवून बोटींचे रस्ते आखलेले, आणि बेटाबेटाला नंबरवाली सार्वजनिक बोट, जशी आपली एसटी. आपल्याकडे काय कमी पाणी आहे? नवेगाव बांधचा तलाव घ्या, अठराव्या शतकात कोलू पाटील कोहळींनी बांधला म्हणतात. वैनगंगेवरच्या गोसेखुर्द धरणाचं बॅकवॉटर तर अंभोऱ्यापर्यंत पसरलं आहे. तिथे पुलावर जाऊन सेल्फी काढायचा आणि घरी यायचं. वेळापत्रकाची एक बोट सुरू करा, तिकीट लावा, बघा कसं पर्यटन होते. पण आपल्या लोकांना व्हेनिसला जाऊन २५ युरो द्यायचे आहेत.

गोसेबुडीत
'बॅकवॉटर' म्हणून जे मिरवून राहिले ना, त्याच्याखाली आमचं घर आहे. मारुतीचं देऊळ आहे, शाळा आहे, वावर तर आहेच. २२ एप्रिल १९८८ला राजीव गांधींच्या हस्ते भूमिपूजन झालं, तेव्हा ३७२ कोटींचं काम होतं. आता २५ हजार कोटींच्या वर गेलं. आम्हाला वसाहतीत प्लॉट मिळाला, तिथे नळाला पाणी केव्हा येईल ते पाण्यालाच माहीत. आणि तुम्हाला त्यावर बोट पाहिजे. फिरवा बाप्पा! खाली कोणाचं काय बुडालं ते सांगायला गाइडही ठेवा.

तुमसरचा मँगनीज
भाऊ, तुमच्या दुःखाबद्दल कोण काय म्हणते? पाणी तर आता आलंच ना. निदान चार पोरांना रोजगार तरी होईल.

गोसेबुडीत
'आलंच ना' म्हणणं सोपं आहे. तुमचं तुमसर कोरडं आहे.

धीवरपोर
रोजगाराचं नाव निघालं म्हणून बोलतो. आमचा बाप अजून वैनगंगेत जाळं टाकते. नागपूरचं सांडपानी नाग नदीतून कन्हानमध्ये, कन्हानमधून वैनगंगेत, आन मंग सगळं गोसेत येऊन थांबते. पानी हिरवं, वर जलपर्नी. जाळं ओढलं का हाताला खाज. पर्यटकाले त्याच पान्यात फिरवनार का जी? वासानंच परत जाईल.

आन या 'डोंगा' साहेबांले इचारा, डोंगा म्हंजे आमची लाकडी नाव, ते कधी चालवली का? नाव ठेवाले काय जाते.

डोंगा
नावावर येऊ नका. माझे आजोबा अंभोऱ्याला डोंग्यातूनच पलीकडे जात, तेव्हा पूल नव्हता. आणि वासाचं म्हणाल तर व्हेनिसलाही शहराखालून आधुनिक गटारं नाहीत. बरंचसं कालव्यातच जाते.

धीवरपोर
आजोबा जात होते. बसून. वल्हं आमच्या आज्याच्या हातात असन.

चौरासकर वहिनी
व्हेनिसची आणि गोसेची बरोबरी कशी करता? तिथे समुद्राची भरती-ओहोटी रोज दोनदा पाणी आतबाहेर करते, त्याच्या जोरावर शहर शेकडो वर्षं निभावलं. गोसेचं पाणी भिंतीने अडवलेलं आहे, ते जाईल कुठे? धीवरपोर बरोबर बोलून राहिला.

लाखनीचा जावई
बोटीचं सोडा, लाइफ जॅकेटचं बोला आधी. सप्टेंबर २०२१ला वरुड तालुक्यात झुंजला वर्धा नदीत नाव उलटली, एका घरचे अकरा जण गेले. दशक्रियेला आले होते. आपल्याकडे नाव म्हणजे जितके मावतील तितके आणि वर दोन. व्हेनिसच्या बोटीवर कर्मचारी दोर बांधतो, फाटक सरकवतो, आधी उतरणारे मग चढणारे. हे आधी शिका, मग वेळापत्रक काढा.

तुमसरचा मँगनीज
म्हणजे अपघात झाला म्हणून काहीच करायचं नाही? मग रस्तेही बंद करा, समृद्धी महामार्गावर काय कमी लोक मेले?

लाखनीचा जावई
तुम्ही वाद घालता का कुस्ती खेळता? जॅकेट घाला म्हटलं मी. बोट बंद करा कुठे म्हटलं?

निवृत्त गुरुजी
विषयावर या. गोसेबुडीत यांना एक सांगतो, रागावू नका. ज्या तोर्चेल्लोचं वहिनींनी एवढं वर्णन केलं ते एकेकाळी हजारो वस्तीचं, भरभराटीचं गाव होतं. खाडी गाळाने भरत गेली, मलेरिया आला, लोक निघून गेले. जाताना आणि गेल्यावरही घरांच्या विटा, दगड बोटींत घालून व्हेनिसला नेले, तिथे नवी घरं बांधली. आज पक्के रहिवासी डझन-दीड डझन असतील.

गोसेबुडीत
रागावलो नाही गुरुजी. त्यांनी विटा तरी नेल्या. आमच्याकडे दारं-खिडक्या काढून न्यायला टेम्पोवाल्याने डबल भाडं घेतलं. बाकी पाण्यात.

तुम्ही सगळे तिथे जाऊन तिकीट काढून ओसाड गाव बघता, त्याचं मला काही वाटत नाही. पण तिथे 'काय शांतता आहे' म्हणून स्टेटस टाकता ना, ते टोचते.

डोंगा
टाकलं होतं मी. तोर्चेल्लोचंच. त्यात टोचण्यासारखं काय हे अजून पटलं नाही, पण असो, काढतो.

साकोलीची सून
तुमचं भांडण आटोपलं असेल तर विचारते. सासूबाईंना गुडघ्याचा त्रास आहे, दिवाळीनंतर जायचं चाललं आहे. त्यांना हे झेपेल का? आणि बुरानोच्या लेसचं काय, कोसा (टसर रेशीम) विणणाऱ्यांच्या घरातल्या आहेत त्या, त्यांना तेच बघायचं आहे. काच नको म्हणाल्या.

चौरासकर वहिनी
झेपेल ग. बोटीत चढायला जिना नाही, धक्का आणि बोट जवळजवळ एका पातळीत असतात, फक्त लाटेने हलतात, तेव्हा हात धर. नोव्हेहून मुरानोला न उतरता थेट बुरानो गाठा. तिथून ९ नंबरची छोटी बोट तोर्चेल्लोला जाते. तोर्चेल्लोची वाट सपाट आहे, सैतानाच्या पुलावर चढायची गरज नाही, तो वाटेच्या बाजूला आहे. गुडघा दुखलाच तर त्यांना बुरानोलाच बसव, तू जाऊन ये.

लेसचं म्हणशील तर दुकानात टांगलेलं बघून विकत घेऊ नको, त्यातलं पुष्कळ यंत्रावरचं. आधी लेसच्या संग्रहालयात जा. १८७२ साली तिथे लेस शिकवायची शाळा काढली होती, त्याच इमारतीत आहे. मांडीवर गोल उशी, तिच्यावर कागदावर काढलेली नक्षी. आधी नक्षीच्या रेषेवर दोरा टाचतात, मग मधली जागा नुसत्या सुईने भरतात, खाली कापड नसतंच. शेवटी मागचे टाके कापले की जाळी मोकळी. एक बाई एकच प्रकारचा टाका घालणार, पुढचा टाका दुसरीकडे. हे बघितल्यावर किंमत ऐकून राग येत नाही. तुझ्या सासूबाईंना तर मुळीच येणार नाही, कोसा साडीला 'महाग आहे' म्हणणारी गिऱ्हाइकं त्यांनी कमी पाहिली का?

धीवरपोर
आता कसं, कामाचं लिवलं वहिनींनी.

लाखनीचा जावई
एक भर. मुक्काम पादोव्हाला असेल तर तारीख बघून जा. २०२४ पासून ठरावीक दिवशी, दिवसापुरतं येणाऱ्यांना व्हेनिसचं प्रवेशशुल्क आहे, पाच युरोपासून. ही बेटं त्यात नाहीत, पण स्टेशनवर उतरून नोव्हेपर्यंत जायचं तर शहरातूनच जावं लागते. व्हेनिस पालिकेच्याच हद्दीतल्या मेस्त्रेला राहिलात तर ते लागत नाही, नोंदणी करून ठेवा म्हणजे झालं.

डोंगा
बघा, हे सगळं गाइडशिवायच ठरलं की नाही? 🙂

बरं, मुरानो कापला. तीन बेटं अर्ध्या दिवसात 'होतात', पण होऊ नयेत, एवढं वहिनींचं मान्य, तेही त्यांच्या लेकीची मान दुखली म्हणून. झेंड्यामागे मात्र मी मेलो तरी जाणार नाही.

चौरासकर वहिनी
नका जाऊ. सत्तरी गाठा, मग बोलू.

तुमसरचा मँगनीज
गोसेच्या बोटीचा विषय अर्धवट राहिला.

धीवरपोर
राहू द्या जी. आधी जलपर्नी काढाले या. रविवारी सकाळी सहाले, करध्याच्या घाटावर. हातमोजे आपले आपले आना.

डोंगा
मी येतो. वल्हं देणार असाल तर.