धर्माच्या रकान्यात मुलाने 'निरंक' भरले. अमेरिकेत याचा अर्थ काय धरायचा?

निवृत्त लिपिक, अमळनेर

नमस्कार मंडळी. प्रश्न धर्माचा आहे, पण भांडण लावायला टाकलेला नाही. कृपया राजकारण आणू नये.

मी अमळनेर तालुक्यातल्या एका शाळेत ३१ वर्षे लिपिक होतो. जनरल रजिस्टर, दाखले, शिष्यवृत्तीच्या याद्या हे माझे काम. जूनमध्ये बाप पोराला घेऊन यायचा. नाव, जन्मतारीख (निम्म्या गावाची १ जून), मग धर्म, मग जात. पोराला मी कधीच विचारले नाही, ते टेबलावरच्या शिक्क्याकडे बघत असायचे. खरे सांगायचे तर बापालाही धर्म क्वचितच विचारला. आडनाव कानावर पडले की हात आपोआप चालायचा. माझा मुलगा त्याच शाळेत होता. त्याच्या नावापुढे 'हिंदू' हा शब्द माझ्याच अक्षरात आहे.

तो आता अकरा वर्षे अमेरिकेत, ओहायोत कोलंबसला असतो. सून तिकडचीच. गेल्या वर्षी तिच्या बाळंतपणाला आम्ही दोघे गेलो. दवाखान्यात भरती करताना मुलगा टॅबवर माहिती भरत होता आणि मी मागे उभा होतो. धर्म विचारला तिथे त्याने 'कोणताही नाही' यावर बोट ठेवले आणि पुढे गेला. विम्याच्या पानावर त्याला जास्त वेळ लागला.

कोणताही नाही, म्हणजे आमच्या भाषेत निरंक. हा शब्द मी मासिक अहवालात हजार वेळा लिहिला असेल. अपहार निरंक, प्रलंबित प्रकरणे निरंक. पण धर्माच्या रकान्यात कधी लिहिला नाही. मी त्या वेळी काही बोललो नाही, तिथे बाई कळा देत होती.

आता पुढचे ऐका. पाचव्या दिवशी ह्याच पोराने, आईने आठवण करून द्यायच्या आत, कोरा कागद आणि पेन आणून ठेवले. रात्री सटवाई येऊन बाळाचे नशीब लिहिते ना, तिच्यासाठी. पाटा-वरवंटा तिथे कुठला? ग्रॅनाईटचा भाजी कापायचा पाट आणि लाटणे मांडून भागवले. (लाटण्याने वरवंट्याचे काम होत नाही, हे मंडळींचे मत आजही कायम आहे.) सूनही हात जोडून बसली होती. तिची आजी ८१ वर्षांची, मेथडिस्ट पंथाची, एक रविवार चुकवत नाही. आई नाताळ आणि ईस्टरला तेवढी चर्चला जाते. सून म्हणते, मी काहीच नाही. पण आजीने बाळाच्या कपाळावर हात ठेवून प्रार्थना केली, तेव्हा डोळे तिनेही मिटले होते. मी बघितले, म्हणजे माझे उघडे होते, असो.

मुलाला एकदा विचारले तर म्हणे, 'पप्पा, इथे असे भरपूर आहेत.' भरपूर म्हणजे किती? आणि त्यांना नास्तिक धरायचे का? गावात १९१६ पासूनचे तत्त्वज्ञान मंदिर आहे, रोज त्याच्यावरून फिरायला जातो. आत जाऊन हे विचारायची छाती होत नाही, म्हणून इथे विचारतो.

यावलची लेक, डॅलस

काका, माहेर यावल, इकडे चौदा वर्षे. तुमचा मुलगा खोटे बोलत नाही.

इथली प्यू रिसर्च सेंटर ही संस्था यावर मोठी पाहणी करते. अगदी अलीकडची २०२३-२४ ची, जवळजवळ ३७ हजार प्रौढांना विचारलेली. आकडे फेब्रुवारी २०२५ मध्ये आले. शंभरात ६२ ख्रिस्ती. त्यात ४० प्रोटेस्टंट, १९ कॅथलिक, बाकी किरकोळ. ज्यू, मुस्लिम, बौद्ध, हिंदू असे सगळे इतर मिळून साधारण ७. आपण हिंदू तर शंभरात एकसुद्धा पुरते नाही, ०.९. आणि तुमच्या मुलासारखे निरंकवाले २९. २००७ मध्ये हेच ख्रिस्ती ७८ होते आणि निरंक १६.

पण त्या २९ ची फोड बघा. स्वतःला नास्तिक म्हणवणारे ५, देव आहे की नाही ते कळू शकत नाही म्हणणारे ६, आणि 'विशेष असे काही नाही' म्हणणारे १९. त्याच पाहणीत ८३ टक्के लोक म्हणाले की देव किंवा विश्वात भरून राहिलेली शक्ती आम्ही मानतो. आत्मा मानणारे तर ८६ टक्के.

इथे राहून मला जे कळले ते असे. आम्ही घर घेतले त्या आठवड्यात शेजारीण केळ्याचा ब्रेड घेऊन आली (यावलच्या पोरीला केळी!). नाव विचारले, गाव विचारले, आणि तिसरा प्रश्न: 'तुम्ही कोणत्या चर्चला जाता?' देव मानता का, असे तिने आजतागायत विचारलेले नाही. मी म्हटले मंदिरात जातो, तर तिचा जीव भांड्यात पडला. कुठेतरी जाता ना, मग झाले. इथे चर्चचे रीतसर सभासद व्हावे लागते. नाव नोंदवायचे, वर्गणी कबूल करायची, गाव बदलले की नवे चर्च शोधायचे. गॅलप ही संस्था फार वर्षांपासून हे विचारत आली आहे. १९९९ मध्ये १०० पैकी ७० जण म्हणायचे की आम्ही कुठल्या तरी चर्चचे, सिनेगॉगचे (ज्यूंचे प्रार्थनास्थळ) किंवा मशिदीचे सभासद आहोत. २०२० मध्ये ४७ झाले. सभासदत्व सुटले, की फॉर्मवर काय लिहायचे हा प्रश्न पडतो. आपल्याकडे भवानीच्या देवळाचे सभासदत्व कोण सोडणार, घेतलेले कोणी असते?

बोदवडकर

एवढे आकडे कशाला? पैसा आला, देव गेला. चर्च विकून तिथे हॉटेलं काढली म्हणतात. आपलीही पोरं त्याच वाटेने चाललीत.

गल्लीमधला भाऊ, पारोळा

लिपिकसाहेब, आंडोर (पोरगा) कानबाईना (आपली खान्देशी देवी) रोट खास (खातो) का नही, तेवढंच ईचारा. खास व्हई ते कागदवर काय बी लिखो, तो आपलाच शे.

निवृत्त लिपिक, अमळनेर

यावलच्या ताईंचे आभार. एक शंका. ५ अधिक ६ अधिक १९ म्हणजे ३० होतात, तुम्ही २९ लिहिले. बेरीज जुळत नाही.

दुसरे, मी कागदावर मांडून बघितले. देव किंवा शक्ती मानणारे ८३, म्हणजे न मानणारे आणि 'माहीत नाही'वाले धरून फार तर १७. निरंक २९. ते १७ च्या १७ निरंकमध्येच घातले तरी १२ उरतात. म्हणजे शंभरात किमान १२ जण रकान्यात निरंक लिहून घरी देव मानतात. बरोबर ना?

पारोळ्याच्या भाऊंना: आमच्याकडे रोट भाऊबंदकीतच खातात, बाहेर देत नाहीत. सून पहिल्यांदा आली तेव्हा श्रावण होता. हिने तिला न विचारता ताटात रोट वाढला. चुलत्याने विचारले, 'हिला चालतो का?' ही म्हणाली, कुळात आली ना, मग चालतो. तिच्या चर्चचा विषयच निघाला नाही.

यावलची लेक, डॅलस

काका, बरोबर, १२ तरी नक्कीच, प्रत्यक्षात जास्तच. बेरजेचे म्हणाल तर सगळे आकडे पूर्णांकात केलेले असतात, त्यामुळे एखादा इकडेतिकडे होतो. माझ्या ऑफिसात हे कोणाच्या लक्षात आले नसते.

बोदवडकर दादा, घसरण आहे हे खरे, पण ती सरळ उतार नाही. २०१९ पासून ख्रिस्ती लोकांचा आकडा ६० ते ६४ च्या मध्येच हेलकावतोय. आता ती थांबली असे मात्र मी म्हणणार नाही. १८ ते २४ वयाच्या पोरांत ख्रिस्ती ४६ टक्के आणि निरंक ४३. पंचाहत्तरीच्या आसपास आणि पुढे ८० टक्के ख्रिस्ती. म्हाताऱ्यांच्या जागी हीच पोरे येणार आहेत. काकांच्या सुनेची आजी, आई आणि सून यांना एका ओळीत उभे करा, आलेख तयार.

आणि ही घसरण पैशाने झाली असे मला वाटत नाही. पैसा अमेरिकेत १९५० सालीही होता आणि तेव्हा चर्चेस भरलेली असायची. इथे धर्म हा मोठेपणी स्वतः निवडायचा, बदलायचा, सोडायचा विषय आहे. दर शंभरात ३५ जण लहानपणीच्या धर्मातून बाहेर आलेत. हिंदू घरात वाढलेले मात्र ८२ टक्के स्वतःला हिंदूच म्हणवतात, हे तुम्हाला बरे वाटावे म्हणून सांगते.

सातपुड्यातला मास्तर

मी धडगावकडे शिक्षक होतो, सध्या धुळ्यात. २०११ च्या जनगणनेत प्रगणक होतो. तिकडे आणि इकडे एक मोठा फरक आहे, तो कोणी सांगितला नाही.

अमेरिकेची सरकारी जनगणना धर्म विचारतच नाही. १९७६ च्या कायद्याने, धर्माची माहिती द्यायला तिथे कोणाला भाग पाडता येत नाही. म्हणून वरचे सगळे आकडे खासगी पाहण्यांचे आहेत, सरकारी नाहीत. आपल्याकडे इंग्रजांनी १८७२ पासून विचारायला सुरुवात केली ती अजून चालू आहे. आमच्या अनुसूचीत सहा धर्मांना सांकेतिक अंक होते, हिंदू १ ते जैन ६. त्याबाहेरचे काही सांगितले तर पूर्ण नाव लिहायचे.

एका पाड्यावर पावरा म्हाताऱ्याला विचारले, धर्म? म्हणाला, पावरा. मी म्हटले ती जमात झाली, धर्म सांगा. त्याने डोंगराकडे हात केला आणि म्हणाला, यहामोगी, म्हणजे त्यांची देवी. सोबतचा कोतवाल म्हणाला, 'गुरुजी, एक टाका, उन्हं वाढली.' मी काय टाकले ते इथे सांगत नाही. पण त्या दिवसापासून टक्केवारी वाचताना मला तो कोतवाल आठवतो. लिपिकसाहेब, तुमचा आपोआप चालणारा हात आणि आमचा कोतवाल एकाच खात्यातले.

त्या जनगणनेत धर्म न सांगितलेले देशभरात सुमारे २८.७ लाख निघाले. टक्के काढले तर ०.२४. अमेरिकेत २९ आणि आपल्याकडे पाव टक्का, यातला किती फरक श्रद्धेचा आणि किती विचारण्याच्या पद्धतीचा, ते तुम्हीच ठरवा. तिकडे पाहणीचे पत्र घरी येते आणि माणूस स्वतः खूण करतो. इकडे दारात मास्तर उभा असतो आणि सासरा सगळ्या घराचे सांगतो.

आणि हो, निरंक आपल्याकडेही चालते. मुंबई उच्च न्यायालयाने २०१४ मध्ये निकाल दिलाय की मी कोणत्याच धर्माचा नाही असे म्हणायचा नागरिकाला हक्क आहे आणि सरकार धर्म सांगायची सक्ती करू शकत नाही.

निवृत्त लिपिक, अमळनेर

मास्तर, कोतवालाचा टोला लागला. मान्य.

तो निकाल आला तेव्हा मी नोकरीत होतो, पण तसले पत्र आमच्या टपालात आल्याचे आठवत नाही. एखादा बाप 'निरंक लिहा' म्हणाला असता तर मी त्याला मुख्याध्यापकांकडे पाठवले असते आणि त्यांनी परत माझ्याकडे.

काल रविवारी मुलाचा फोन होता. धर्माचे काही काढले नाही. नातवाचा जन्मदाखला मोबाईलवर पाठव म्हटले, जुनी सवय. वरपासून खालपर्यंत तपासला. आईबापाची नावे, काउंटी, शिक्का, सगळे आहे. धर्माचा रकाना छापलेलाच नाही. रिकामा नाही, नाहीच. मी हिला दाखवले. ती म्हणाली, सटवाईच्या कागदावर तरी कुठे असतो.

दिवाळीला ते सगळे येणार आहेत.

यावलची लेक, डॅलस

काका, मग तयारी ठेवा. बाळ अमेरिकन नागरिक, म्हणजे भारतीय व्हिसा लागेल. त्या अर्जात धर्म विचारतात, आमच्या दोन्ही मुलांचा मी भरलाय. ती ओळ रिकामी सोडता येत नाही.

निवृत्त लिपिक, अमळनेर

मुलाला कळवतो. ह्या वेळी मागे उभा राहणार नाही, पण त्याने सुनेला विचारून भरावे.