मदत हवी आहे: रॉजर्स यांचे मलिक अंबरवरचे मूळ संदर्भ

जमैकात जन्मलेल्या, विद्यापीठाची पदवी नसलेल्या जे. ए. रॉजर्स यांच्यावर लेख लिहितेय. कृष्णवर्णीय समाजाचा इतिहास त्यांनी पदरमोड करून छापला. ‘वर्ल्ड्स ग्रेट मेन ऑफ कलर’मध्ये (१९४६-४७) आपल्या मलिक अंबरलाही जागा दिली, याचं मला फार अप्रूप आहे. माझ्याकडची १९७२ची आवृत्ती जॉन हेन्रिक क्लार्क यांनी संपादित केलेली, नव्या संदर्भटिपांसह. त्यामुळे रॉजर्स यांचं मूळ काय, हे नक्की कळत नाही. पुण्यातली ग्रंथालयं पाहिली, ऑनलाइनही शोधलं. पहिली आवृत्ती मिळाली नाही. जुनी प्रत विकत घेणं परवडणारं नाही, संदर्भयादीच्या पानाचा फोटोही चालेल. अमेरिकेतल्या कुणाला ग्रंथालयात ती पाहता येईल का? अंबरसाठी रॉजर्स यांनी स्वतः कोणते ग्रंथ नोंदवले होते?