माइकल ॲप्टेडची ‘अप’ मालिका: चिकाटी की घुसखोरी?

पारंबी:
1964 साली माइकल ॲप्टेड ब्रिटनच्या ग्रॅनाडा टेलिव्हिजनमध्ये नवखा संशोधक होता. ‘सेव्हन अप’ या माहितीपटासाठी सात वर्षांची चौदा मुलं निवडायच्या कामात तो होता; दिग्दर्शक होता पॉल आल्मंड. काही मुलं महागड्या शाळांतली, काही लंडनच्या ईस्ट एंड या कामगारवस्तीतली, दोघं बालगृहातली. पुढे दर सात वर्षांनी ॲप्टेड स्वतः दिग्दर्शक म्हणून त्यांच्या दारात उभा राहिला, थेट 2019च्या ‘63 अप’पर्यंत (नावातला आकडा म्हणजे त्यांचं वय). मध्ये हॉलिवूड झालं, 1999 मध्ये बॉन्डपटही झाला. पण सात वर्षं भरली की गडी परत हजर! माहितीपटाच्या क्षेत्रात एवढी चिकाटी मी दुसरीकडे पाहिली नाही.

रानवाट:
चिकाटी खरी, पण कोणाच्या जिवावर? सात वर्षांच्या पोराला काय कळतं आपण कशाला हो म्हणतोय! टोनीचंच बघा. एकविसाव्या वर्षी तो शर्यतींवरच्या पैजांचे पैसे पोचवायचा. हा पोरगा पुढे तुरुंगात जाणार असं ॲप्टेडनं मनाशी ठरवून टाकलं आणि पुढच्या भागात कामाला येईल म्हणून त्याला ईस्ट एंडच्या बदनाम वस्त्यांतून फिरवून चित्रण करून ठेवलं. टोनी टॅक्सीवाला झाला, संसाराला लागला. माणसाचं भविष्य आधीच लिहून ठेवायचा अधिकार याला कोणी दिला?

पारंबी:
ती चूक ॲप्टेडनं पुढे स्वतःच जाहीर कबूल केली. नाहीतर आपल्याला कळलीही नसती.

उंबरठा:
मला टोनीपेक्षा मुलींचं जास्त लागतं. चौदांत मुली फक्त चार. त्यांना विचारायचं काय, तर लग्न कधी, मुलं कधी. ‘49 अप’मध्ये जॅकीनं ॲप्टेडला कॅमेऱ्यासमोरच धारेवर धरलं: शेवटी तू तुला हवं तसंच कापणार ना? तो भाग त्यानं कापला नाही, हे मात्र मानते. स्वतःवरचा राग जसाच्या तसा दाखवायला छाती लागते.

रानवाट:
राग दाखवला म्हणून अन्याय पुसला जात नाही, उंबरठाताई. पीटरनं ‘28 अप’मध्ये थॅचर सरकारवर टीका केली, वर्तमानपत्रांनी त्याला झोडपलं आणि तो पुढची कितीतरी वर्षं फिरकला नाही. चार्ल्सनं तर एकविसाव्या वर्षानंतर कायमचंच तोंड फिरवलं. आणि तो पुढे स्वतः माहितीपटांचा निर्माता झाला! ज्याला हे काम आतून ठाऊक, तोच समोर बसायला तयार नाही. मला यापेक्षा मोठा पुरावा नको.

पारंबी:
पीटर ‘56 अप’ला परत आला, तेही लिहा. आणि निक? यॉर्कशायरच्या डोंगराळ भागातला शेतकऱ्याचा मुलगा, पुढे अमेरिकेत प्राध्यापक. ‘63 अप’च्या वेळी त्याला घशाचा कर्करोग होता. नको म्हणाला असता तर कोणी बोल लावला नसता. तरी तो ॲप्टेडसमोर बसला आणि आजाराबद्दल बोलला.

उंबरठा:
निकचा तो भाग मला एका बैठकीत बघवला नाही. पण जॅकीचा प्रश्न तरीही तसाच राहतो.