गहाण जमिनीचं पीक कुणाचं? युरोपातले जुने कायदेपंडित कर्जदाराच्या बाजूने होते का

तारणवाला:
माझं मत आधीच सांगून टाकतो. मध्ययुगीन युरोपातल्या कायदेपंडितांनी कर्जदारासाठी जे केलं त्याचं श्रेय त्यांना कुणी देत नाही, सगळे नुसतं चर्चने व्याज बंद केलं आणि व्यापार अडला एवढंच बोलतात. बघा, ११व्या शतकाच्या शेवटी इटलीत बोलोन्याला रोमन सम्राट जस्टिनियनचा डायजेस्ट (जुन्या रोमन कायदेपंडितांच्या मतांचा संग्रह, सन ५३३ चा) परत वाचायला लागले, तिथला कायद्याचा शिक्षक इर्नेरियस आणि त्याच्या शिष्यांनी त्यावर टिपा लिहिल्या, मग १३व्या शतकात त्याच परंपरेतल्या अक्कुर्सियसने सगळ्या टिपा एकत्र केल्या त्या ९६ हजारांच्या वर भरल्या. गहाणाबद्दल त्यांची भूमिका माझ्या मते पक्की आहे, तारण म्हणजे पैसे परत येण्याची हमी, सावकाराची कमाई नव्हे. मुदत चुकली की वस्तू आपोआप सावकाराची, ही अट रोमन सम्राट काँस्टंटाइनने चौथ्या शतकातच बाद केलेली. चर्चचे पंडित तर अजून पुढे गेले. ताबेगहाणात, म्हणजे जमीन सावकाराच्या ताब्यात असते तेव्हा, तो वर्षानुवर्षं पीक खातो आणि मुद्दल जागच्या जागी, तर हे व्याजच झालं असं त्यांनी स्पष्ट म्हटलं. ११६३ ला फ्रान्समधल्या तूरच्या धर्मपरिषदेत ठरलं की खर्च वजा करून पिकाचे पैसे मुद्दलात धरायचे आणि मुद्दल फिटलं की जमीन सोडून द्यायची. शेतकऱ्याच्या जागी उभं राहून बघा हे किती मोठं आहे.

रोखठोक:
तो ठराव कुणासाठी होता तेही सांगा की. पाद्री आणि मठवाल्यांसाठी होता, कारण जमिनी गहाण ठेवून घेणारे तेच होते. आणि बंदी घातल्यावर गरजवंताची गरज थोडीच संपली, फक्त कागद बदलला. गहाण म्हणायच्या ऐवजी विक्री म्हणायचं, परत विकत घ्यायची मुभा ठेवायची, तीच जमीन मूळ मालकाला खंडाने कसायला द्यायची आणि तो खंड म्हणजेच व्याज. आपल्याकडे मुदतखरेदी म्हणतात त्यातलाच प्रकार. शेवटी १४२५ ला पोप मार्टिन पाचव्याने जमिनीवरचं वार्षिक उत्पन्न विकत घ्यायचा, म्हणजे एकरकमी पैसे देऊन दरवर्षी ठरलेली रक्कम घ्यायचा व्यवहारही मान्य केला, मग पंडितांनी वाचवलं कुणाला?

मेघा_सोलापूर:
रोखठोक यांच्याशी सहमत. इंग्लंडचं उदाहरण घ्या. ग्लॅनव्हिलच्या नावावरचा जो कायद्याचा ग्रंथ आहे, ११८७-८९ च्या सुमाराचा, त्यात सरळ लिहिलंय की पीक मुद्दलात न धरणारं गहाण हा व्याजाचाच प्रकार आहे, पण राजाचं कोर्ट त्याला मनाई करत नाही. मग शिक्षा काय, तर सावकार मेल्यावर ते सिद्ध झालं तर त्याची चीजवस्तू राजाकडे. कर्जदाराच्या हातात काय आलं? काहीच नाही. आणि ज्यूंचं काय झालं ते विसरू नका, ख्रिश्चनांना व्याज बंद म्हणून सावकारी त्यांच्यावर ढकलली, राजाने त्यांना कर लावून लावून पिळून काढलं आणि १२९० ला देशाबाहेर हाकललं. या बंदीची किंमत माणसांनी मोजलीये.

तारणवाला:
ज्यूंवर अन्याय झाला यात वादच नाही, तो भयंकर होता. पण विक्रीच्या कागदाबद्दल म्हणाल तर पंडित गप्प बसलेले नव्हते हो. किंमत फारच कमी, विकणारा जमिनीवर तसाच राहिलेला, परत घ्यायची मुभा, या खुणा एकत्र दिसल्या तर ही विक्री नाही गहाण आहे असं धरायचं, हे त्यांनीच शिकवलं. निम्म्याहून कमी किमतीत जमीन गेली तर विकणाऱ्याला दाद मागता येते हा रोमन नियमही त्यांनीच वापरात आणला. आपल्याकडे शेतकऱ्यांनी सावकारांविरुद्ध केलेल्या दख्खनच्या दंग्यांनंतर १८७९ चा शेतकरी कायदा आला, त्यात कोर्टाने सावकारी व्यवहाराचा पहिल्यापासूनचा इतिहास तपासायचा असं होतं. कागदाच्या नावावर जायचं नाही हा विचार दोन्हीकडे आहे.

शाहूपुरीकर:
मला दोन्ही बाजू अर्धवट वाटतात. जस्टिनियनने ५२८ ला व्याज बंद केलं नाही, मर्यादा घातली, साधारण लोकांना ६ टक्के, व्यापाऱ्यांना ८, समुद्रावरच्या धोक्याच्या कर्जाला १२. वर व्याज मुद्दलाएवढं झालं की थांबलं. आपला दामदुपट साधारण असाच नियम आहे, मुंबई इलाख्यातल्या कोर्टांनी हिंदू ऋणकोला तो लावलासुद्धा. मर्यादा असली की दोघांनाही हिशोब कळतो. चर्चने ती सोडून सरसकट बंदी आणली आणि तिथेच घोळ झाला.

रोखठोक:
हेच म्हणतोय मी. शेवटी फ्रान्सिस्कन साधूंनीच १४६२ ला इटलीतल्या पेरुजामध्ये गरिबांसाठी तारणावर कर्ज देणारी पेढी काढली, थोडंसं व्याज घेऊन. म्हणजे जगायला व्याज लागतंच.

तारणवाला:
पण ते व्याज कशासाठी ते पण बघा ना. पेढी चालवायचा खर्च निघावा एवढंच. यावर डोमिनिकन या दुसऱ्या साधुपंथाच्या पंडितांनी कडाडून विरोध केला, पन्नास वर्षं वाद चालला आणि १५१५ ला रोममधल्या चर्चच्या लॅटरन परिषदेने पेढ्यांना मान्यता दिली ती याच मुद्द्यावर, की खर्चापुरतं घेणं म्हणजे कमाई नाही. आणि तारण विकून कर्जापेक्षा जास्त पैसे आले तर उरलेले कर्जदाराचे, हे डायजेस्टमध्येच आहे, ते कुणी नवीन शोधायला लागलं नाही.

मेघा_सोलापूर:
डायजेस्टमध्ये आहे हो, पण इंग्लंडमध्ये मुदत उलटल्यावरही पैसे भरून जमीन सोडवून घ्यायचा हक्क चान्सरी कोर्टाने (कडक कायद्यापेक्षा न्यायबुद्धीने निकाल देणारं कोर्ट) सरसकट द्यायला १७वं शतक उजाडलं. तोपर्यंत एक दिवस उशीर झाला तरी कर्जदाराची जमीन गेली. त्या सगळ्या पिढ्यांना बोलोन्याच्या टिपांचा काय उपयोग झाला, ते तारणवाला दादांनी सांगावं.