गोष्टीच्या शेवटी पाखरू उडालंच पाहिजे का?

गोदाकाठची (पंचवटी) :

गेल्या रविवारी आमच्या वाचनकट्ट्यावर बारा जणींनी स्वतः लिहिलेल्या गोष्टी वाचल्या. विषय होता ‘काढलेले दिवस’. बारापैकी सात गोष्टींच्या शेवटच्या ओळीत पाखरू उडालं. कुठे चिमणी, कुठे पारवा, एका ठिकाणी घार. घरी आले तरी ते डोक्यातून जाईना, म्हणून हा धागा.

त्यातली एक गोष्ट, नाव न घेता. चार घरची धुणीभांडी करणारी बाई. नवऱ्याचं काम सुटलेलं, पोरगी दहावीला, खोलीचं भाडं चार महिने थकलेलं. मालक दारात उभा राहून नाही नाही ते बोलतो. पहिली तीन पानं अशी, की कट्ट्यावर कुणी चहाला हात लावला नाही. आणि शेवट? बाई खिडकीशी जाते, गजावरचा पारवा आभाळात झेप घेतो, तिचे डोळे भरून येतात. टाळ्या पडल्या. मीही वाजवल्या. पण भाडं कुणी भरलं? पोरगी परीक्षेला बसली का? ते राहिलंच. पारव्यानं आमची मान वर केली आणि खाली जमिनीवर काय चाललंय ते बघायचं आम्ही विसरलो.

माझं म्हणणं एवढंच, की हालाच्या गोष्टीत ‘पाखरू म्हणजे स्वातंत्र्य’ ही खूण आता पळवाट झाली आहे. आणि आपण नाशिककरांनी तरी ती इतक्या सहज वापरू नये. सीतेला इथून नेलं, असं आपण मानतो. जटायू म्हातारा होता, पण पंख धड होते. उडून जाता आलं असतं. तो आडवा आला. रावणानं पंख छाटले, तरी राम येईपर्यंत त्यानं जीव धरून ठेवला आणि दिशा सांगूनच सोडला. टाकेदला, म्हणजे जटायू पडला असं मानतात त्या जागी गेलं की मला दर वेळी वाटतं, आपल्याकडचं सगळ्यात मोठं पाखरू हे न उडालेलं पाखरू आहे. त्याचा भाऊ संपाती. लहानपणी जटायूला उन्हापासून वाचवताना त्याचे पंख जळाले. वर्षानुवर्षं तो डोंगरावर पडून होता. वानरांना सीतेचा ठावठिकाणा सांगितला तेव्हा त्याला नवे पंख फुटले. दुसऱ्याच्या दुःखाची खबर दिल्यावर! मुळात रामायणच सुरू होतं ते बाण लागलेल्या क्रौंचापासून आणि त्याच्या जोडीदाराच्या आक्रोशापासून. हे सगळं हाताशी असताना आपण एक पारवा भुर्रकन उडवतो आणि मोकळे होतो.

मतं मांडा. विरोधी असतील तर जास्त हवीत.

सातपूरकर :

पूर्ण असहमत.

तीन वर्षांपूर्वी मी साडेपाच महिने पलंगावर होते. मांडीचं हाड मोडलं होतं, आत सळई घातलेली. उठून बसायचं तरी दोन माणसं लागायची. पलंग खिडकीला लावलेला. खिडकीबाहेर शेवग्याचं झाड आणि त्यावर सातभाई. मातकट रंगाचे, दिसायला काही नाहीत, पण दिवसभर कलकलाट. एक उडाला की दुसरा, मग तिसरा, सगळे एकामागोमाग खाली उतरायचे आणि पालापाचोळा उलटापालटा करायचे. मी ते मोजायचे. सात कधीच नसायचे. कधी नऊ, कधी सहा. सहा भरले की मला संध्याकाळपर्यंत चैन नसायचं.

त्या दिवसांत मला कुणी जटायू सांगितला असता तर मी तोंड फिरवलं असतं. मला लढायचं नव्हतं, मला संडासपर्यंत चालत जायचं होतं. ज्याला हलता येत नाही तो हलणाऱ्याकडे बघतो. ही पळवाट नाही ताई, तेवढंच उरलेलं असतं. त्या मुलीनं पारवा लिहिला, कारण त्या बाईच्या खोलीत बघण्यासारखं दुसरं काही नसेल.

गोदाकाठची :

सातपूरकर, तुमचे सातभाई मला पटले. ते का पटले हेही सांगते. तुम्ही त्यांना मोजलंत. ते पालापाचोळा उलटत होते. ते तुमच्यासाठी उडत नव्हते. कट्ट्यावरची सातही पाखरं मात्र नेमकी शेवटच्या ओळीला उडाली.

आणखी एक. साने गुरुजींनी ‘श्यामची आई’ आपल्या नाशिकच्या तुरुंगात लिहिली, फेब्रुवारी १९३३ मध्ये, ९ तारखेपासून १३ तारखेपर्यंत, अवघ्या पाच दिवसांत. गजाआडच्या माणसानं आभाळ लिहायला घेतलं नाही. घर लिहायला घेतलं, आई लिहायला घेतली.

बागाईतदार, निफाड :

मी साहित्यातला माणूस नाही, पण पाखराचं नाव निघालं म्हणून लिहितो. आमच्याकडे पाखरू म्हणजे नुकसान. फेब्रुवारीत द्राक्षाच्या मण्यात साखर भरली की बुलबुल आणि साळुंक्या येतात. घड अख्खा खाल्ला तर माणूस समजू शकतो. एका मण्याला चोच मारतात आणि पुढे जातात. त्या मण्यातून रस गळतो, त्यावर मुंग्या येतात, माश्या येतात, आतून घड सडायला लागतो. एक्स्पोर्टचा माल बघायला आलेला माणूस तो घड उचलून दाखवतो आणि भाव पाडून मागतो. म्हणून जाळी टाकावी लागते, तिचा खर्च वेगळा. माझे वडील माळ्यावर उभं राहून ज्वारीवरच्या भोरड्या गोफणीनं उडवायचे. हात सुजायचे त्यांचे. त्यांना कुणी सांगितलं असतं, की पाखरू म्हणजे स्वातंत्र्य, तर ते नुसते बघत राहिले असते.

आता दुसरी बाजू. सकाळी जाळीत एखादं तरी अडकलेलं असतं. मी कात्री घेऊन जातो. बुलबुलाचा पाय दोऱ्यात असा गुंततो, की ओढला तर तुटेल. मुठीत धरलं की त्याचं काळीज इतकं जोरात उडतं, की आपल्या बोटांना कळतं. एकेक दोरा कापायचा. पायाला लागलं तर लंगडं होणार, म्हणून घाई करून चालत नाही. दहा मिनिटं जातात. आमची बायको म्हणते, जे नुकसान करतं त्यालाच सोडवता. काय सांगणार? सोडल्यावर ते लांब जात नाही. बांधावरच्या बोरीवर बसतं आणि पंख साफ करतं.

दुर्बीण :

वरच्या काकांना दंडवत. इतकं बारीक आम्ही पक्षीनिरीक्षकही लिहीत नाही.

मी हिवाळ्यात दर रविवारी नांदूर मध्यमेश्वरला जातो. गोदावरी आणि कादवेच्या संगमाजवळचा बंधारा, ब्रिटिशांच्या काळातला. गाळ साचत गेला, पाणी उथळ झालं आणि पाणपक्ष्यांना ते सोयीचं पडलं. २०१९ मध्ये रामसर यादीत (जगातल्या महत्त्वाच्या पाणथळ जागांच्या) गेलेली ही महाराष्ट्रातली पहिली पाणथळ जागा. थापट्या, तलवार बदक ही मंडळी थेट मध्य आशियाकडून येतात. चापडगावच्या मनोऱ्यावर उभं राहिलेलं प्रत्येक माणूस म्हणतं, ‘किती मोकळे आहेत ना, सीमा नाही, पासपोर्ट नाही!’ मला हे ऐकवत नाही. ती मोकळी म्हणून येत नाहीत. तिकडे पाणी गोठतं आणि खायला मिळत नाही, म्हणून येतात. वाटेत किती पडतात ते आपल्याला दिसत नाही. स्थलांतर म्हणजे सहल नव्हे.

त्यामुळे धागाकर्तीशी अर्धा सहमत. हालाच्या गोष्टीतून पाखरू काढू नका, खरं पाखरू आणा. दर वर्षी पोटासाठी घर सोडावं लागणारं. दिवाळीनंतर गिरणाऱ्याच्या नाक्यावर पहाटे उभे राहणारे पेठ-सुरगाण्याचे मजूर आणि ती बदकं, दोघांसाठी आपल्याकडे शब्द एकच आहे, स्थलांतरित. २०२० च्या मे महिन्यात मुंबई-आग्रा रस्त्यानं पायी चाललेली माणसं बघितली तेव्हापासून मला हीच उपमा खरी वाटते.

येवल्याचा :

आभाळ तरी मोकळं कुठे आहे? संक्रांतीला आमच्याकडे तीन दिवस पतंग. नायलॉन मांजावर हरित लवादाची देशभर बंदी आली २०१७ मध्ये, तरी मागल्या वर्षी आमच्या लिंबावर बगळा उलटा लटकत होता. शिडी आणेपर्यंत गेला.

सुरगाण्याचा :

दुर्बीण साहेब, तुमचा हेतू चांगला आहे हे कळतं. तरी आम्हाला पाखरू म्हणू नका.

भात कापून झाला की माझे आईबाप बागांच्या कामाला खाली उतरायचे. मी बरोबर असायचो, दुसरीत होतो. छाटणी, डिपिंग (घड औषधाच्या पाण्यात बुडवणं), विरळणी, सगळी कामं आईनं केली. पाखराची शाळा सुटत नाही. पाखराचं रेशन गावात अडकून पडत नाही. पाखराला मुकादमाकडून उचल घ्यावी लागत नाही, ती फेडेपर्यंत थांबावं लागत नाही. पाखरं थंडीमुळे येतात, तिथे कुणाचा दोष नाही. आमच्या गावात पावसाळ्यात धो धो पाऊस पडतो आणि मार्चला बाया हंडा घेऊन दरीत उतरतात. ते पाणी अडवलं गेलं नाही, त्याला माणसं जबाबदार आहेत. पाखराची उपमा दिली की ती माणसं सुटतात. सगळं निसर्गावर जातं.

ताईंचं म्हणणं मला शंभर टक्के मान्य. भाडं कोण भरणार, हे आधी लिहा.

दुर्बीण :

सुरगाण्याचे दादा, हे मी मागे घेतो. ‘तिथे कुणाचा दोष नाही’ हे माझ्या लक्षातच आलं नव्हतं. पुढच्या वेळी मनोऱ्यावर हे डोक्यात राहील.

जात्यावरची :

पुरुष मंडळींनी आणि धागाकर्तीनंही एक गोष्ट बाजूला ठेवली आहे. आपल्या भाषेत पंख हा शब्द पोरींना कधी ऐकू येतो? ‘पंख फुटले का तुला?’ कॉलेजला उशीर झाला, पंख फुटले. नोकरी धरली, पंख फुटले. ही शिवी नाही, पण शिवीपेक्षा कमीही नाही. ज्या घरात पंख हा आरोप आहे, तिथे बाईनं गोष्टीच्या शेवटी पाखरू उडवलं तर ती पळवाट कशी? ते उत्तर आहे.

आणि हे काही आत्ताचं फॅड नाही. माझी आजी सिन्नरकडची. लग्नानंतर चार वर्षं तिला माहेरी पाठवलं नव्हतं. जात्यावर बसली की ती पाखराला माहेरी धाडायची. आईला सांग बरी आहे म्हणून. भावाला सांग, न्यायला ये. बरी नव्हती, तरी बरी आहे असंच सांगायची. पाखरू जाऊ शकतं तिथे लेक जाऊ शकत नाही, एवढं साधं आहे ते. जटायू मोठा आहे, मान्य. पण त्याच कथेतल्या सीतेला लंकेत बसून पाखरांकडे बघताना काय वाटलं असेल, तेही कुणीतरी लिहायला हवं.

सातपूरकर :

जात्यावरची, ‘बरी नव्हती, तरी बरी आहे’ इथे थांबले मी. अनुमोदन.

इंदिरानगर :

वडिलांचा दहावा रामकुंडावर केला. पिंड मांडले. दहीभात, आणि त्यांना आवडायची म्हणून कांदाभजी. सगळे मागे सरकून उभे राहिलो. समोर कठड्यावर पंधरा-वीस कावळे. एकही येईना. गुरुजी म्हणाले, काही राहिलं असेल मनात. काकांनी हात जोडून सांगितलं, धाकट्याचं लग्न करून देऊ. आत्यानं सांगितलं, गावचं घर विकणार नाही. ऊन चढत गेलं. शेवटी गुरुजी दर्भाचा कावळा करायला बसले. तेवढ्यात माझा मोठा भाऊ पुढे गेला. सात वर्षं तो आणि आई एकमेकांशी बोलत नव्हते. तो खाली बसला आणि हळू म्हणाला, ‘आईला मी नेतो माझ्याकडे.’ मी शेजारी होतो म्हणून ऐकलं.

कावळा आला. भजं उचललं आणि गेला.

श्रद्धेवर वाद नको, कावळ्याला भूकही लागली असेल. मी फक्त एवढंच सांगतोय, की आपल्याकडे दुःखाच्या जागी पाखराच्या उडून जाण्याला नाही, येण्याला किंमत आहे. आणि ते येत नाही तोवर जिवंत माणसांना काहीतरी कबूल करावं लागतं. आई आता भावाकडे आहे.

गोदाकाठची :

इंदिरानगर, हे वाचून उठले आणि थोडा वेळ घाटावर जाऊन आले.

मी थोडी हलले आहे, ते लिहून टाकते. जात्यावरचीच्या आजीचं पाखरू मला मान्य. ते उडतं, पण निरोप घेऊन उडतं आणि निरोप खोटा आहे हे आपल्याला माहीत असतं. सुरगाण्याच्या दादांशी मात्र मी पहिल्यापेक्षाही जास्त सहमत आहे. जिथे कुणीतरी जबाबदार आहे, तिथे पाखरू आणून त्याला सोडवू नये. यावरून मी मागे हटणार नाही.

पहिल्यांदाच लिहितेय :

पारव्याची गोष्ट माझी आहे. दहावीची पोरगी म्हणजे मी. ती बाई माझी आई.

धागा पहिल्या दिवसापासून वाचतेय. पहिल्या दिवशी रडले, ताईंचा राग आला होता. आज सांगते. भाडं आईनं भरलं. तिच्या कानातली फुलं होती, तिच्या आईनं दिलेली. ती सराफाकडे ठेवली आणि परत आणता आली नाहीत. हे मी लिहिलं नाही, कारण आई अजून त्याच चार घरांपैकी दोन घरी जाते आणि तिथल्या बायका वाचतात. मी परीक्षेला बसले. गणितात कमी पडले.

पारवा खोटा नाही, म्हणून तो मी काढणार नाही. फुलं ठेवून आई आली, त्या दिवशी तो गजावर होता. त्याची काडीकाडीची जमवाजमव चालली होती. पण आईच्या डोळ्यांत पाणी आलं नाही, ते मी घातलं. खिडकीखाली पत्र्यावर लोकांच्या घरच्या कुरडया वाळत होत्या, पाच किलोच्या ऑर्डरच्या. आईनं पदर झटकून त्याला हाकललं आणि मला म्हणाली, ‘बस इथे, परत आला तर हाकल.’ मी संध्याकाळपर्यंत पुस्तक घेऊन तिथे बसले. तो चार वेळा आला.