रेहाना सुलतान म्हणजे फक्त ‘चेतना’च का?

गोकुळपेठकर: काल एकानं इथे टाकलं की हिंदी नटी रेहाना सुलतान म्हणजे 1970 च्या ‘चेतना’ पिक्चरचं ते पायांचं पोस्टर, बाकी शून्य. डोकं सरकलं म्हणून लिहितो. पुण्याच्या फिल्म इन्स्टिट्यूटमधून अॅक्टिंग शिकून आलेली बाई, त्याच 1970 मध्ये राजिंदरसिंग बेदींचा ‘दस्तक’ केला आणि राष्ट्रीय पुरस्कार घेतला, संजीवकुमारलाही त्याच पिक्चरसाठी, संगीतासाठी मदनमोहनलाही. पाहिलाय का कोणी? नवं जोडपं भाड्यानं घर घेतं, तिथे आधी मुजरेवाली राहायची, तिची जुनी गिऱ्हाइकं रात्री-बेरात्री दार ठोठावतात, बायको घाबरून कोपऱ्यात. पुढे रेहानाच्या करिअरचं तेच झालं, येणारा प्रत्येक प्रोड्यूसर ‘चेतना’वालीच शोधत आला.

तर्री_मारके: काय भाऊ, रडूनच राह्यले तुम्ही. ‘चेतना’तला कॉलगर्लचा रोल तिनंच साइन केला ना? कोणी पिस्तूल लावलं होतं? आणि 84 मध्ये लग्नही त्याच डायरेक्टरशी केलं, बी. आर. इशाराशी. तिले प्रॉब्लेम नव्हता, तुमाले काऊन?

बर्डीवाला: आमच्या काकांनी नागपूरच्या जानकी टॉकीजमध्ये पाहिला होता ‘चेतना’, घरी सांगितलं भजनाला गेलो.

सदर का छोरा: जानकीत नाही बे, आमच्या सदरच्या लिबर्टीत लागला होता.

बर्डीवाला: तुमचं सगळं सदरमध्येच लागते. काका खोटं बोलले काय?

सदर का छोरा: भजनाचं तर बोललेच न!

बर्डीवाला: काकावर जाऊ नको सांगून ठेवतो.

जुनी_रिळं: भांडा, टॉकीज एकेक करून बंद पडून राह्यल्या अन तुम्ही कुठं लागला त्यावर भांडा. आता मल्टिप्लेक्समध्ये पॉपकॉर्न तिकिटाहून महाग, त्यावर नाही बोलत कोणी.

वैदर्भी: मुद्द्यावर या जरा. माझ्या आत्यानं राज्य नाट्य स्पर्धेत तसलीच भूमिका केली, स्टेजवर बिडी ओढली, ओढली म्हणजे नुसती हातात धरली, पेटवलीही नव्हती. पुढच्याच महिन्यात ठरत आलेलं स्थळ “मुलगी जरा पुढारलेली आहे” म्हणून परत गेलं. बक्षीस मिळालं होतं तिला, ते कोणाला आठवत नाही, बिडी सगळ्यांना आठवते. साइन तिनंच केलं म्हणणाऱ्यांनी सांगावं, ‘चेतना’च्याच हिरोला, अनिल धवनला, कोणी ‘तसला’ म्हटलं का?

तर्री_मारके: अनिल धवन तरी कुठं मोठा झाला? पण ठीक आहे ताई, बिडीचा पॉइंट तुमचा. पुरस्काराचा गोकुळपेठकरचा. खुश? पण ‘दस्तक’नंतर हिट कोणता दिला ते सांगा.

गोकुळपेठकर: ‘प्रेम पर्बत’चं गाणं तुझी आईही गुणगुणत असेल, ‘ये दिल और उनकी’. पिक्चरची प्रिंटच सापडत नाही म्हणतात. राजकारणाची टर उडवणाऱ्या ‘किस्सा कुर्सी का’चं तर विचारू नको, आणीबाणीत रिळंच जाळली, 78 मध्ये पुन्हा बनवला त्यात आहे ती.

तर्री_मारके: म्हणजे एक सापडत नाही, एक जळला. बढिया. पाहू काय मग आम्ही, पोस्टरच न?

वैदर्भी: ‘दस्तक’ बघ. आणि आईसोबत बसून बघ, हिंमत असेल तर.

बर्डीवाला: काकाले फोन लावला होता. जानकीच म्हणतात.