मदत हवी आहे: 'पेशंट कन्फ्यूज आहे' हे मराठीत कसं लिहू?

नमस्कार मंडळी,

वयस्क आणि आजारी माणसांची काळजी घ्यायला ज्या मावशी आणि ताई घरोघरी जातात, त्यांच्यासाठी मी मराठीत पानभर सूचना लिहितेय. पान फ्रिजवर चिकटवायचं आहे, म्हणजे लांबण लावता येत नाही. माणूस पडला तर काय करायचं, घास अडकला तर काय, पाठीवरची जखम सुरुवातीलाच कशी ओळखायची, हे सगळं लिहून झालं. अडलंय एका ओळीवर. मूळ इंग्रजी पान सांगतं की पेशंट अचानक कन्फ्यूज्ड वाटला तर लगेच कळवा. ही ओळ मला अशी हवी आहे की ती आठवून मावशींनी हातातली कणीक बाजूला ठेवावी आणि फोन उचलावा.

पहिल्यांदा मी सरळ 'गोंधळलेला' असं लिहिलं. वाचून दाखवल्यावर एक ताई म्हणाली, "मॅडम, आमच्या आजी रोजच गोंधळतात. रिमोट कुठला नि फोन कुठला ते कळत नाही. मग रोज फोन करू का?" तिचा प्रश्न अगदी रास्त आहे. मराठीत गोंधळणं ही किरकोळ गोष्ट आहे. बँकेचा फॉर्म भरताना आपण गोंधळतो, नवीन उड्डाणपुलावर कुठे वळायचं ते न कळून गोंधळतो. त्यासाठी कुणी डॉक्टर गाठत नाही.

इंग्रजीतला कन्फ्यूजन हा शब्द फार पसरट आहे. मुळात लॅटिनमध्ये त्याचा अर्थ एकत्र ओतणं, मिसळून टाकणं असा. त्यामुळे एका औषधाच्या जागी सारख्या नावाचं दुसरं घेतलं तरी कन्फ्यूजन, परीक्षेची तारीख दोनदा बदलली तरी कन्फ्यूजन, स्टेशनवर आयत्या वेळी प्लॅटफॉर्म बदलल्यावर उडते ती धावपळही कन्फ्यूजन. कोर्टात ट्रेडमार्कचा खटला चालतो तेव्हाही ग्राहकाचं कन्फ्यूजन होईल का, हाच प्रश्न असतो. आपल्याकडे यातल्या प्रत्येकाला वेगळा शब्द आहे: पहिल्यात गल्लत, दुसऱ्यात संभ्रम, तिसऱ्यात गोंधळ, चौथ्यात फसगत. कागदपत्रांत घोळ होतो तो आणखी निराळा. एवढी श्रीमंती असूनही जो अर्थ मला हवा आहे, तिथे माझा हात रिकामा राहतोय.

हवा आहे तो डॉक्टरांच्या भाषेतला अर्थ. ग्लासगोच्या डॉक्टरांनी १९७४ मध्ये शुद्ध मोजायची जी पट्टी तयार केली, ती आजही जगभर वापरतात. तिच्यात बोलण्याला पाच गुण आहेत. माणूस नीट भानावर राहून उत्तर देत असेल तर पाच. वाक्यं बोलतोय, पण आपण कुठे आहोत, कोणतं वर्ष चालू आहे याचं भान नाही, तर चार. या चारच्या पायरीचं नाव कन्फ्यूज्ड. न्यूमोनियाच्या रुग्णाला किती धोका आहे हे ठरवायच्या कर्ब-६५ या पद्धतीतलं पहिलं अक्षरही कन्फ्यूजनचंच आहे. श्वासाचा वेग आणि रक्तदाब यांच्या बरोबरीने ते मोजलं जातं. म्हणजे डॉक्टर हा शब्द उच्चारतात तेव्हा मेंदूचं काम आत्ता बिघडलंय असं सांगत असतात. नातेवाइकांच्या कानावर मात्र 'वय झालं, विसरतात' एवढंच पडतं.

हे मी प्रत्यक्ष पाहिलं आहे. एका घरी आजी सकाळी उठल्या आणि मावशींना म्हणाल्या, "माझी पिशवी दे, भाऊ न्यायला आलाय." दुपारी नीट बोलल्या, जेवल्या. संध्याकाळी पुन्हा पदराचं टोक बोटाला गुंडाळत, सोडत, कुणाशी तरी बोलत बसल्या. मावशींनी वहीत लिहिलं: "आजी थोड्या कन्फ्यूज. चहा घेतला. शी नाही." मुलाला फोनवरही तेवढंच सांगितलं. त्याला वाटलं, माहेरची आठवण आली असेल. तिसऱ्या दिवशी आजी उठेनात म्हणून दवाखान्यात नेलं, तेव्हा रक्तातलं सोडियम खूपच खाली गेलेलं निघालं. ते १३५ ते १४५ च्या दरम्यान असायला हवं. रक्तदाबासाठी लघवी वाढवणारी गोळी चालू होती, त्यात उलट्या झाल्या होत्या. आजी बऱ्या होऊन घरी आल्या. पण मावशींनी पहिल्या दिवशीच सगळं बरोबर टिपलं होतं. जे दिसलं ते पलीकडच्या माणसापर्यंत पोचवणारा शब्द मात्र त्यांच्याजवळ नव्हता. म्हणून या एका ओळीसाठी मी एवढी अडून बसले आहे.

आता मी चाचपडून पाहिलेले शब्द. 'भ्रम' अर्थाने जवळचा आहे, पण बोलण्यात भ्रम म्हणजे चुकीची समजूत. 'भ्रमिष्ट' म्हटलं की कायमचा शिक्का बसतो. आपल्या आईबद्दल तो शब्द वहीत लिहिलेला कोणत्या मुलीला आवडेल? 'म्हातारचळ' तर अपमानच. 'स्मृतिभ्रंश' हा डिमेन्शियाचा शब्द. तो हळूहळू, वर्षावर्षांत वाढतो. मला जे सांगायचंय ते काही तासांत येतं आणि कारण सापडलं तर बऱ्याचदा जातंही. 'बरळणे' छान बोलका आहे, तापात माणूस बरळतो हे सगळ्यांना कळतं. पण काही रुग्ण बरळत नाहीत, उलट गप्प होतात. नेहमी टीव्हीवरच्या बातम्यांवर वाद घालणारे आजोबा भिंतीकडे बघत पडून राहतात, हाक मारली की 'हं' म्हणतात आणि पुन्हा झापड येते. घरच्यांना वाटतं, आज शांत आहेत, झोपू द्या. हा प्रकार सगळ्यात जास्त निसटतो आणि माझ्या ओळीत तो यायलाच हवा.

म्हणून विचारते:

तुमच्या घरी, गावी, तुमच्या बोलीत अशा माणसाबद्दल काय म्हणतात? आजी-आजोबांच्या तोंडी एखादा जुना शब्द होता का? कुणी नर्सिंग किंवा डॉक्टरकीत असाल तर नातेवाइकांशी मराठीत बोलताना कोणतं वाक्य वापरता? आणि नेमका शब्द नसेलच, तर एकाच ओळीत हे कसं बसवाल?

शब्दकोशातला 'संभ्रमावस्था' मला माहीत आहे. तो अहवालात शोभेल, फ्रिजवर नाही.

प्रतिसाद १

आमच्याकडे घाटावर 'वात झालाय' म्हणायचे. "म्हातारं वातात बडबडतंय" हे वाक्य लहानपणी ऐकलेलं आहे आणि ते कुणी हसण्यावारी नेत नसे. वैद्याला निरोप जायचा. सन्निपात हा त्याचाच पोथीतला भाऊ. पण आज तिशीतल्या मुलीला वात म्हटलं तर ती गुडघेदुखी समजेल, त्यामुळे तुमच्या पानावर कितपत चालेल शंका आहे.

प्रतिसाद २

मी फिजिशियन आहे. तुम्ही ज्याचं वर्णन केलंत त्याला आम्ही डिलिरियम म्हणतो. बोलताना कन्फ्यूजन म्हणतो, कारण तो सोपा वाटतो, आणि तिथेच घोटाळा होतो. १९९० पासून ओळखण्याची एक पद्धत रूढ आहे, तिचं नावच कन्फ्यूजन असेसमेंट मेथड. तिच्यात अचानक सुरू होणं व कमीजास्त होत राहणं, आणि लक्ष न टिकणं, या दोन गोष्टी हव्यातच. शिवाय बोलण्यात विस्कळीतपणा किंवा शुद्धीत फरक, यांपैकी एक. या चार निकषांत विसरण्याचा उल्लेखही नाही हे लक्षात घ्या. मुख्य खूण आहे ती लक्ष न टिकणं.

आम्ही महिने उलटे म्हणायला सांगतो, डिसेंबरपासून. खेड्यातल्या आजींना ते सरळही येत नसतात, तिथे मी वार उलटे विचारतो. जन्मतारीख विचारण्यात फारसा अर्थ नसतो. त्या पिढीतल्या कितीतरी बायकांना ती कधीच माहीत नव्हती. चालू वर्षाचंही तसंच. त्यापेक्षा 'हे घर कुणाचं, आत्ता सकाळ आहे की संध्याकाळ' हे विचारा, आणि काल सांगता येत होतं का ते पाहा. सगळं या कालच्या तुलनेवर आहे, आणि कालचा माणूस मावशींना जितका माहीत असतो तितका मला कधीच माहीत नसतो.

दोन गोष्टी पानावर वेगळ्या काढा. मधुमेहाची गोळी किंवा इन्सुलिन घेणारा माणूस असा वागला तर आधी साखर तपासा; कमी साखरेत हुबेहूब असंच दिसतं. आणि शब्द एकाएकी चुकायला लागले, 'पाणी' म्हणायचंय आणि भलतंच तोंडातून येतंय, तोंड किंवा हात एका बाजूला लुळा, तर तो अर्धांगाचा झटका समजून थेट १०८ ला फोन. घरचे यालाही कन्फ्यूजन म्हणतात आणि मोलाचा वेळ जातो.

प्रतिसाद ३

भाषेची शिक्षिका म्हणून एक भर. डिलिरियमच्या मुळाशी लॅटिनमधली नांगरणी आहे. लिरा म्हणजे सरी, तास. तो सोडून नांगर भरकटला की डिलिरियम. आपल्या बायांना तास माहीत आहे, पण म्हणून 'आजोबांनी तास सोडला' असं लिहू नका, घड्याळाचा तास वाटेल. मला वाटतं, नाम शोधणं सोडा. मराठी अशा जागी क्रियापदाने बोलते. 'भान सुटलंय', 'भानावर नाहीत'. भान या शब्दात जागा, वेळ, माणसं सगळं येतं. बरळणाऱ्यालाही तो लागू पडतो आणि गप्प पडलेल्यालाही. शिवाय भान परत येऊ शकतं, त्यामुळे शिक्का बसत नाही.

प्रतिसाद ४

कोकणात आमच्या आईबद्दल शेजारीण म्हणाली होती, "चकवा लागल्यासारखं करतात." स्वतःच्याच घरात आई न्हाणीघर शोधत होती. रानात ओळखीची वाट सापडेनाशी होते, तो चकवा. मला त्या वाक्याने चटकन कळलं की हे विसरणं नाही. आईला लघवीचा संसर्ग झाला होता. ताप नव्हता, जळजळीची तक्रार नव्हती, फक्त हे. मात्र चकवा म्हटलं की काही घरांत आधी नारळ उतरवतील आणि मग डॉक्टर, म्हणून पानावर नको असं माझं मत.

अजून एक सांगते. त्या दिवसांत आईचा चष्मा आणि कानातलं यंत्र दवाखान्याच्या पिशवीत राहिलं होतं. दोन्ही परत घातल्यावर ती बरीच सावरली. तेही लिहा.

धागाकर्ती

सगळ्यांचे मनापासून आभार. 'भान' मला सुचायला हवा होता तितका साधा आहे, आणि तोच घेतेय. डॉक्टरांची कालची तुलनाही ओळीत घातली. आता मजकूर असा झालाय:

"काल बरे होते, आज भान सुटल्यासारखं वागतायत: घर, माणसं, वेळ ओळखत नाहीत, भलतंच बोलतात, किंवा नेहमीपेक्षा गप्प, झापड, हाकेला नीट उत्तर नाही. मधेच बरे वाटले तरी आजच फोन करा. साखरेची गोळी किंवा इन्सुलिन चालू असेल तर लगेच साखर तपासा. तोंड वाकडं, हात लुळा, शब्द चुकतायत: १०८."

खाली बारीक अक्षरात: चष्मा आणि कानातलं यंत्र घातलंय का, लघवी झाली का, पोट साफ झालं का, नवीन गोळी सुरू झाली का, हे फोनवर सांगा.

आज ज्या ताईने आधी हरकत घेतली होती तिला हे वाचून दाखवलं. ती म्हणाली, 'भान सुटल्यासारखं' कळलं, पण 'झापड' म्हणजे तिच्याकडे नुसती पेंग येणं. तिच्या मते 'गुंगीत' लिहावं. 'गुंगीत' म्हटलं की औषधाचा परिणाम समजून लोक गप्प बसतील, अशी मला भीती वाटते. या एका शब्दावर अजून मतं हवी आहेत. विशेषतः खानदेश, मराठवाडा आणि विदर्भातल्या मंडळींनी सांगावं, कारण आमच्या बऱ्याच मावशी तिकडच्या आहेत. पान पुढच्या आठवड्यात छापायला द्यायचं आहे.